आमच्या अबोल्याचं शूटिंग

शूटिंगवाली पोरगी आमच्याकडे राहायला आली तेव्हा माझी आणि माझ्या धाकट्या जावेची बोलचाल बंद होती. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे तुम्ही कोड्यात पडायला नको.

कामरगावात आमची घरं दोन, पण अंगण एक. उगवतीची ओसरी माझी, मावळतीची तिची. मधे निंब, निंबाखाली बाज, बाजेच्या पायाला शेळी. मी लग्न होऊन आले आणि मागून काही वर्षांनी ती आली. भाकर तिला येत होती, पण तिच्या माहेरची जाड. आमच्या घरची मोठी आणि पातळ. ती मी तिला शिकवली. मग निंदायला दोघी, सोयाबीन सोंगायला दोघी, मानोऱ्याच्या बाजारात लुगडी घ्यायला दोघी, एकमेकींच्या बाळंतपणात दोघी. परक्या गावात लोक आम्हाला सख्ख्या बहिणी समजायचे. आम्हीही खोडून काढत नव्हतो.

आणि मग तिच्या लेकाच्या लग्नात तो व्हिडिओवाला आला.

लग्न कारंज्याला, मंगल कार्यालयात. आमच्यात नवरदेवाला हळद लावायचा पहिला मान थोरल्या काकूचा. मी वाटीत बोटं बुडवून पुढे झाले, तेवढ्यात व्हिडिओवाला म्हणाला, "काकू, जरा बाजूला व्हा, उजेड अडतो." त्याचं मला काही वाटलं नाही. त्याचा धंदाच तो. पण मागून धाकटी म्हणाली, "व्हा ना बाई जराशा बाजूला." आणि नवरीकडच्या कोण्या मावशीला, तिची साडी चमकत होती म्हणून, पुढे केलं. मी झाले बाजूला. चांगली बाजूला झाले. जेवले, आहेर केला, घरी आले, आणि दुसऱ्या दिवसापासून बोलणं बंद. तिचं म्हणणं असं, की बाईंनी हळदीची वाटी आदळली आणि चारचौघांत माझी शोभा केली. मी आदळली नव्हती, ठेवली होती. जोरात ठेवली होती, एवढंच.

आता एका अंगणात राहायचं आणि बोलायचं नाही, हे ऐकायला सोपं वाटतं. पण नळ आला, कपडे भिजले, शेळी सुटली, हे सांगावं तर लागतंच. म्हणून सांगायचं दुसऱ्याला आणि ऐकायचं तिनं. मी शेळीला म्हणायचे, "लोकाईचे कपडे भिजून राह्यले, कोनाले दिसत नाई का?" ती निंबाकडे बघून म्हणायची, "नळ गेल्यावर बोंब मारतीन काही लोक, पयलेच सांगून ठेवतो." बाजेवर बसलेले आमचे हे दोन्हीकडून निरोप ऐकून वैतागायचे. "मी काय पोस्टाचा डब्बा हाय का?" म्हणायचे. पण निरोप पोचवायचे.

नियम एकच होता. जी आधी सरळ दुसरीच्या तोंडाकडे पाहून बोलेल ती हरली. दोन उन्हाळे आम्ही दोघीही जिंकत होतो.

तर ही पोरगी. माझी भाची मास्तरीण आहे, तिच्या ओळखीची. मूळची नाशिककडची. ढगळ कुर्ता, पाठीवर केवढी तरी बॅग, आणि बोलणं अगदी हळू. म्हणाली, "काकू, साधी माणसं रोज कशी जगतात त्याची फिल्म करायची आहे मला. तुम्ही मुद्दाम काही दाखवू नका. जे रोज करता तेच करा. मी इथे नाहीच असं समजा."

मी म्हटलं, "असं कसं समजू माय? तू तं चांगली दिसून राह्यली."

पहिल्या दिवशी मी अंगण सारवून घेतलं, पैठणीसारखी दिसणारी साडी काढली. ह्यांनी केसांना तेल लावून भांग पाडला. धाकटीनं पलीकडून डोळा ठेवला आणि माझ्याहून भारी साडी नेसून, काही काम नसताना, ओसरीवर सूप घेऊन बसली. पोरीनं कॅमेरा काढलाच नाही. जेवली, निंबाखाली बसली, माझ्यासोबत तुरीच्या डाळीतले खडे वेचले आणि झोपली. दुसऱ्या दिवशीही तेच. मी ह्यांना म्हटलं, "इचा कॅमेरा बिघडला वाटते, सांगाले लाजून राह्यली बिचारी."

मग एका सकाळी मी फाटक्या पदराचं जुनं लुगडं नेसून, हाताला कोपरापर्यंत शेण, गोवऱ्या थापत होते. मान वर केली तर समोर कॅमेरा.

"आता? आता काढतं का वं? मी नटून बसली होती तवा काहून नाई काढला?"

"तेव्हा तुम्ही पाहुण्या दिसत होतात, काकू."

मला राग आला. आपल्याच घरात पाहुणी कशी दिसेन मी? पण शेणाच्या हातानं भांडणार तरी काय! थापत राहिले. थोड्या वेळानं ती तिथे आहे हे मी खरंच विसरले.

सगळ्यांना मात्र हे जमेना. आमच्याकडे माणूस अंगणात बसलेलं असावं आणि त्याच्याशी बोलू नये, याचा अर्थ एकच. भांडण. पोरगी कोपऱ्यात कॅमेरा लावून बसली की येणारं-जाणारं प्रत्येक जण थेट त्या काचेत डोकावून विचारायचं, "काय पोरी, चहा झाला का?" ती मान हलवायची. "काय करून राह्यली? बोलत काहून नाई? बरं वाटत नाई का?" समोरच्या किराणा दुकानातले चाचा तर रोज येऊन उभे राहायचे. दाढीला मेंदी, डोळ्यांत सुरमा. "बेटी, मेरा नंबर कब आयेगा? मी तं तुह्यासाठी रोज सजून राह्यलो." आमच्या ह्यांना वाटायचं पोरीला करमत नसेल, म्हणून ते शूटिंग चालू असताना मधे येऊन तिला सोयाबीनचे भाव सांगायचे.

एक दिवस ती कौतुकानं सगळ्यांसमोर म्हणाली, "कॅमेऱ्यासमोर इतकं सहज वागणारं मी कोणी पाहिलं नाही. या दोन्ही काकू म्हणजे कमाल आहेत. मी समोर असते, पण त्यांना मी दिसतच नाही."

चाचा इतके हसले की त्यांना ठसका लागला. "अरे बेटी," म्हणाले, "यायले तं घरचंच मानूस दिसत नाई दोन साल से. तू किस झाड की पत्ती!"

पोरगी गोरीमोरी झाली. तिला खरंच माहीत नव्हतं. तिला वाटलं होतं आमच्याकडे जावा-जावा शेळीमार्फतच बोलतात, तशी पद्धत असेल.

तिला कळलं म्हटल्यावर आम्हाला बरंच झालं. अंगणात नवं माणूस म्हणजे नवा पोस्टाचा डबा. मी तिला म्हणाले, "पोरी, सांगजो लोकाईले, माहा पोळपाट दोन म्हैन्यापासून तिकडे हाय म्हना." पोरगी उभी राहिली कॅमेरा घेऊन. पलीकडून धाकटी म्हणाली, "सांग वं, पोळपाट कवाच दिला म्हना, ओसरीवर ठेवला, कोनाचे डोळे गेले तं आमी काय करू?" पोरगी तशीच.

"सांगितलं का नाई तू?" मी विचारलं.

"काकू, मी मधे पडत नाही."

"मधे पड कोन म्हनते? मधे उभी तं हाय ना!"

धाकटी पलीकडे पदर तोंडाशी धरून हसली. मला पाठमोरी होती, पण खांदे हलत होते. चाळीस उन्हाळे त्या खांद्यांसोबत भारे उचलले आहेत मी. मला कळतं ना.

त्याच आठवड्यात ह्यांनी बातमी आणली. धाकटी चालली. माझे दीर वारल्यापासून ती एकटीच होती, आणि आता पुण्याला लेकाकडे नातू झालेला. सून नोकरीला. अक्षयतृतीया झाली की जाणार, शेत मक्त्यानं देणार, घराला कुलूप. आठवडाभरासाठी नव्हे, कायमची.

मी म्हटलं, "जावो. मले काय करा लागते?"

पण त्या दुपारी मी माझ्या ओसरीवरून तिच्या दाराकडे किती वेळ पाहत बसले कोण जाणे. तिचा खराटा दाराशी उभा, तिच्या तुळशीला तिनं जुन्या डब्याची कुंडी केलेली. माणूस रागानं का होईना, समोर असतं. मी शेळीला टोमणा मारला की पलीकडून उत्तर येतं. कुलूप काय उत्तर देणार? बोलायचं तर आताच, आणि मी आधी बोलायची नाही, आणि ती तर माझ्याहून हट्टी. तिला हट्ट कोणी शिकवला हे विचारू नका.

पोरगी रोज आमचं काही ना काही टिपत होती. मला वाटायचं, हिला ठाऊक आहे, हिनं एक शब्द टाकला तर सगळं सुटेल. पण ती टाकत नव्हती. त्या दिवसांत मला तिचा फार राग यायचा. माणुसकी नाही पोरीला, असंही मी ह्यांच्याजवळ बोलले.

आणि मग कुरड्यांचा दिवस आला.

ज्यांनी केल्या नाहीत त्यांना सांगते. कुरड्या हे एकटीचं काम नाही. गहू भिजवायचे, रोज पाणी बदलायचं, वाटून चीक काढायचा, तो रात्रभर बसू द्यायचा. सकाळी वरचं पाणी टाकून खालचा घट्ट चीक उकळत्या आधणात धार धरून सोडायचा. एकीनं ओतायचं आणि दुसरीनं लाकडी दांड्यानं गरागरा घाटायचं. क्षणभर हात थांबला की गाठी. आणि चीक थांबत नाही. आज नाही घाटला तर उद्या आंबून जातो. आमचं लग्नाच्या सालापासूनचं ठरलेलं, ओतायचं मी, घाटायचं तिनं. तिचे दंड मजबूत. अबोल्यात मी लेकीला बोलवून घेतली, तिनं शेजारणीला.

या वर्षी तिला लेकासाठी पुण्याला न्यायच्या होत्या. चीक तयार, अंगणात तीन दगडांच्या चुलीवर मोठा गंज, आधण उकळायला लागलेलं. आणि शेजारणीला सकाळीच फोन आला. पोहरादेवीकडे माहेरी कोणी गेलं होतं, ती मयतीला निघून गेली. आमचे हे शेतात. शेळी चरायला. अंगणात कोण? मी माझ्या ओसरीवर, ती चुलीशी, आणि मधे कॅमेरा घेऊन ती पोरगी.

धाकटीनं बादली डाव्या हातात उचलली, उजव्या हातात दांडा. बादली जड, एका हाताला पेलेना. चीक धारेनं पडायच्या ऐवजी भसकन पडला. ती घाईघाईनं घाटू लागली. धुरात डोळे मिटलेले.

"कोनी हाय का इथं?" ती म्हणाली. कोणाला म्हणाली? निंबाला म्हणाली. "जराशी धार धरा म्हना कोनी."

मी पोरीला म्हटलं, "ठेव ते डबडं! जाय, धार धर तिले."

पोरगी जागची हलली नाही. कॅमेऱ्यामागून डोकं काढून तिनं एकदा चुलीकडे पाहिलं, ते मला एवढ्या लांबून दिसलं. तिला जायचं होतं हो. गेली नाही. आता ही फिल्म होऊन इतके दिवस झाले तरी मी तिच्याशी या एका गोष्टीवर भांडते, आणि हेही सांगते की ती तेव्हा गेली असती तर मला उठावं लागलं नसतं.

गंजातून जळका वास यायला लागला. गव्हाचा चीक खाली धरतो तो वास. एवढे दिवस भिजवलेले गहू, आणि नातवाच्या घरी न्यायचं पहिलं वाण. मी उठले. कशी उठले, चप्पल घातली की नाही, आठवत नाही. तिच्या हातातून बादली काढून घेतली आणि धार धरली.

"हळू."

"हळूच तं चालू हाय."

"धार तोडू नोका."

"तू हात चालव. खालून घे, खालून. धरलं ते बुडाले."

"घेतलं. मीठ पाहा बरं."

"तूच पाहा ना. मले कायले सांगतं?"

"माहा हात मोकळा हाय का? चाखा तुमी!"

मी चाखलं. मीठ कमी होतं. टाकलं. चीक काचेसारखा चकाकायला लागला, गाठी फुटल्या, धूर बसला. तिनं एका वाटीत गरम चीक घेतला, वर तेल-तिखट टाकलं, आणि वाटी माझ्या हातात देत म्हणाली, "फुकून खा बाई. दरसाली जीभ भाजून घेता."

आणि मग दोघी थांबलो.

ती माझ्या तोंडाकडे पाहत होती. सरळ. मीही. दोघी एकदम काही तरी बोललो आणि कोण काय बोललं ते दोघींनाही ऐकू आलं नाही. ती मटकन खाली बसली आणि पोट धरून हसायला लागली. मी म्हटलं, "उठ वं भवाने, चीक निवला तं साच्यातून उतरनार नाई." तशी डोळे पुसत उठली. बाजेवर तिचं जुनं पातळ पसरलं आणि दोघी साचा फिरवायला लागलो.

काय काय बोललो त्या दुपारी! दोन उन्हाळ्यांचं साठलेलं. माझा गुडघा, तिची सून, कोण मेलं, कोणाच्या पोरीनं पळून लग्न केलं. ते सगळं तिलाही माहीत होतं आणि मलाही, एकाच गावात राहत होतो ना. पण एकमेकींच्या तोंडून ऐकायचं राहिलं होतं. हळदीच्या वाटीचा विषय निघाला. ती म्हणाली, "आदळली तुमी." मी म्हटलं, "ठेवली." तिथेच सोडून दिला. पोरीच्या कॅमेऱ्याची बॅटरी कधीच संपली होती. तीही शेवटी आमच्यात येऊन बसली, आणि एवढा चीक खाल्ला तिनं, की संध्याकाळी तिला जेवण गेलं नाही.

उन्हं कलल्यावर मी हळूच विचारलं, "मंग थांबतं का आता?"

तिनं एक अर्धवट वाळलेली कुरडई उलटून ठेवली. "नाई बाई. पोरगं लहान हाय. सून नोकरीवर जाते. मले जाच लागते."

बोलणं सुरू झालं म्हणून माणूस थांबतं असं थोडीच आहे. मी समजत होते. तरी विचारून पाहिलं.

अक्षयतृतीयेनंतर ती गेली. काळीपिवळी जीप घरापुढे आली, कुरड्यांचा डबा तिनं मांडीवर घेतला, मागे ठेवू दिला नाही. दाराची किल्ली माझ्याकडे. जीप सुरू झाली तरी खिडकीतून सांगत होती, तुळशीला पाणी घालजा, पोळपाट तुमचाच हाय, घेऊन जाजा.

दिवाळी झाल्यावर पोरगी फिल्म घेऊन आली. आमच्या टीव्हीला लावली. अर्धी आळी जमली. फिल्म सुरू झाली आणि लोकांनी वाट पाहिली, आता काही होईल, मग होईल. एक कोंबडी अंगणातून चालत गेली. ह्यांनी कपाळावरचा चष्मा घरभर शोधला. भर दुपारी अंगण नुसतंच रिकामं, निंबाची सावली सरकते आहे, कुठे तरी कुकरची शिट्टी. एक जण म्हणाला, "याच्यात तं काहीच होत नाई बाप्पा." चाचा दुकानात गल्ल्यावर मान टाकून झोपलेले दिसले, मांजर तराजूच्या पारड्यात बसलेलं. चाचा ओरडले, "तौबा! बेटी, मले जागवून तरी काढायचा ना!" पण मग चार दिवस येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला तेच सांगत होते.

मी मात्र डोळे फाडून पाहत होते. मला त्यात सगळंच होताना दिसत होतं. ती पलीकडून तांब्यातलं उरलेलं पाणी फेकते, हात वळवून, आणि तिकडे मान न वळवता मीही तसंच फेकते. मनगट तेच. दोघी पदर खोचतो तो सारखाच, डाव्या बाजूला, आधी एकदा झटकून. मी तिच्याकडून उचललं की तिनं माझ्याकडून? एवढी वर्षं बरोबर राहिलो, आणि हे मला टीव्हीवर दिसलं. जिथे पाहत होते ते माझंच अंगण होतं, दार उघडून बाहेर आलं की समोरच. पण ते अंगण आता नव्हतं. तिकडच्या ओसरीवर आता धूळ बसते. मी झाडते, पुन्हा बसते.

कुरड्यांची जागा आली तेव्हा पडद्यावर धूरच धूर. गंज, दांडा, चिकाची पांढरी धार, बांगड्यांचे दोन हात. चेहरा कोणाचाच नाही. आणि त्या धुरातून आवाज आला, "हळू."

हे म्हणाले, "हे तू बोलली."

"मी नाई. थे बोलली," मी म्हटलं.

लागलीच तिला फोन लावला. पुण्यात तिलाही लेकानं मोबाइलवर फिल्म दाखवली होती. ती म्हणाली, "बाई, आवाज तुमचा हाय. तुमीच आधी बोलल्या."

"मी कायले हळू म्हनीन वं? वतत तं मीच होती. हळू म्हनते घाटनारी."

"घाटनारीले बी हळू म्हनतात. मी जोरात घाटत होती म्हनून तुमी म्हनल्या."

पोरीला विचारलं. तिला नक्की ठाऊक असणार, तिच्या कानात त्या वेळी यंत्र होतं. ती नुसती हसली आणि चहा प्यायली. शेवटपर्यंत सांगितलं नाही. ह्यांना ऐकवलं तर म्हणतात तुझा, लेकीला ऐकवलं तर म्हणते काकूचा. चाळीस वर्षांत आवाजही एकमेकींसारखे झाले वाटतं.

हे भांडण अजून चालू आहे. रोज संध्याकाळी फोन येतो, आधी नातवाचं, मग गुडघ्याचं, मग "आवाज तुमचाच होता बाई." बोलायचं संपलं तरी ती फोन ठेवत नाही. परवा म्हणाली, "तिकडे बोलू नोका काही. राहू द्या तसाच फोन ओट्यावर. मी ऐकतो नुसती."

मी फोन ओट्यावर, तापत्या दुधाच्या शेगडीजवळ, उपडा ठेवला आणि वांगी चिरायला बसले. शेळी ओरडली, रस्त्यानं ट्रॅक्टर गेला, हे कोणाशी तरी दारात बोलत होते. मी वांगी चिरून पाण्यात टाकली, कांदा घेतला, आणि ती आहे हे विसरूनच गेले. तेवढ्यात ओट्यावरून ओरडली, "अवो बाई, दूध उतू जाऊन राह्यलं! ऐकू येत नाई का तुमाले?"